राँग एक्झिटच्या बॅरिकेडवरचा माणूस

राँग एक्झिट हा पंक बँड पस्तीस वर्षं कसा चालला, यावर दरवर्षी कुणी ना कुणी शहाणा लेख लिहितो. कुणी म्हणतो गाणी दोन मिनिटांची आणि चाली सोप्या, कुणी म्हणतो गायक डेलचा आवाज, कुणी म्हणतो चौऱ्याण्णव साली रेडिओवर ते एक गाणं वाजलं आणि नशीब उघडलं. मी एकतीस वर्षं या बँडचे टीशर्ट विकते आहे. टेबलामागे उभं राहून मी जे पाहिलं ते या लेखकांपैकी एकानेही पाहिलेलं नाही, म्हणून सांगते. बँड चालला तो फर्मीन एस्कोबेदोच्या दोन हातांमुळे. ज्याला पटत नसेल त्याने माझ्या टेबलापाशी यावं, माझ्याकडे वेळ आहे.

त्या काळी आमच्या ऑरेंज काउंटीत दर गल्लीला एक पंक बँड होता. गॅरेजमध्ये ड्रम, दारात गळकी व्हॅन आणि शेजाऱ्यांनी बोलावलेले पोलीस. आमची चार पोरं पहिल्याच कार्यक्रमाला निघाली ती फ्रीवेवर भलत्याच फाट्याने उतरली, आणि क्लब समजून ज्या हॉलमध्ये शिरली तिथे एका पंधरा वर्षांच्या मुलीचा वाढदिवस चालला होता. बाहेर घालवायच्या आधी त्यांनी चार गाणी वाजवून घेतली. नाव तिथेच पडलं. त्यांच्याबरोबरचे बँड काही वाईट नव्हते. एकाचा गिटारवाला तर आमच्या गिटारवाल्याला बोटांवर नाचवेल असा होता. तो आज रिव्हरसाइडला फरशा विकतो. भेटला की विचारतो, "लोर्ना, आमचं काय चुकलं गं?"

त्याचं काय चुकलं ते मला माहीत आहे. त्यांच्याकडे खाली झेलायला कुणी नव्हतं.

पंकच्या कार्यक्रमात लोक हाताची घडी घालून ऐकत नाहीत. धक्के देतात, उड्या मारतात, घामाने चिंब होतात, आणि मधूनच एखाद्याला उचलून डोक्यांवरून पुढे सरकवतात. तो शेकडो हातांवरून तरंगत स्टेजपर्यंत येतो आणि बॅरिकेडवरून खाली सुटतो. तिथे झेलणारा असला तर हसत उठतो, नसला तर दात पडतात. गर्दीचा नियम एकच, कुणी पडला की उचलायचा. पण गर्दी गर्दीत उचलते. बॅरिकेडच्या अलीकडे, स्टेजच्या पायथ्याशी जी चिंचोळी जागा असते, तिथे उचलणारा नेमावा लागतो. तेव्हा तिथे जे नेमले जायचे ते दंड फुगवलेले, पोरांना कॉलर धरून दाराबाहेर फेकणारे. एका वर्षात आमच्या कार्यक्रमांना आलेल्या तीन पोरांची हाडं मोडली. आया खवळल्या. बंदी आली. क्लबवाले फोन उचलेनात.

डेलची आई विल्मा तेव्हा गार्डन ग्रोव्हचं घर सोडून फुलर्टनला राहायला चालली होती. सामान हलवायला जी माणसं आली त्यात सांता आनाचा अठ्ठावीस वर्षांचा फर्मीन होता. विल्माचा पियानो दुसऱ्या मजल्यावर न्यायचा होता आणि जिन्याला मधे वळण. फर्मीनने जिन्यावर बसून आधी अर्धा डोनट खाल्ला, वळणाकडे नुसतं बघितलं, मग पट्टा खांद्यावर घेतला. पियानो वर गेला, भिंतीला ओरखडा नाही, पियानोच्या आतली तार वाजली नाही.

विल्मा म्हणाली, "शनिवारी काय करतोस?"

"बायकोला घेऊन तिच्या आईकडे जातो."

"म्हणजे मोकळाच आहेस. माझ्या मुलाच्या गाण्याला ये. गाणं ऐकू नकोस, ऐकण्यासारखं काही नसतं. पोरं वरून पडतात, ती पियानोसारखी उतरव."

तो आला. आणि आठवड्याचे पाच दिवस लोकांची कपाटं, फ्रिज आणि पलंग हलवून शनिवार-रविवार एकोणतीस वर्षं येतच राहिला.

त्याची पद्धत होती. पाठ स्टेजकडे, तोंड गर्दीकडे. एक क्षणसुद्धा मागे वळून बघायचं नाही, मग मागे डेल आग गिळत असला तरी. मनगट कधी धरायचं नाही, मनगट निखळतं. एक हात काखेत, एक गुडघ्यांखाली, स्वतःची पाठ ताठ आणि गुडघे वाकलेले. माणूस खाली आला की त्याला आधी दोन्ही पायांवर उभा करायचा, पाण्याचा पेला द्यायचा आणि नाव विचारायचं. नाव नीट सांगता आलं तर डोक्याला मार नाही. मग पाठीवर थाप, "जा बाळा, त्या बाजूने परत आत जा." हाकलायचं नाही. ही शेवटची गोष्ट महत्त्वाची, कारण पंकची पोरं हाकललं की दुप्पट जोराने येतात. सांता आनाची मुलं त्याला तीओ म्हणायची, म्हणजे काका. हळूहळू गोरी, काळी, कोरियन, व्हिएतनामी सगळीच तीओ म्हणायला लागली. त्याच्या हाताखाली सहा जण तयार झाले, तेही सगळे सामान हलवणारेच.

ही बातमी आयांमध्ये पसरली. पोरांना बँड आवडतो म्हणून आया परवानगी देत नसतात. एका आईचा मुलगा धड परत येतो, ती दुसरीला सांगते, दुसरी चर्चमध्ये तिसरीला. पंच्याण्णव साली मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं आहे, पोमोनाच्या हॉलबाहेर मिनीव्हॅनची रांग, आणि एकेक आई काच खाली करून दारवानाला विचारते, "तो मोठा मेक्सिकन माणूस आलाय का आज?" आलाय म्हटलं की पोरगा उतरतो. नाही म्हटलं की गाडी परत वळते. दुसऱ्या बँडची गाणी ऐकायला पोरांना घरातून पळून जावं लागायचं, आणि पळून जाणारी पोरं वाढतात, नोकरीला लागतात, विसरतात. आमच्याकडे येणाऱ्या पोरांना आई आणून सोडायची. ती पोरं मोठी होऊन स्वतःची पोरं घेऊन आली. मी आता कानाला लावायचे मोठे फुगीर गार्ड विकते, तान्ह्या बाळांचे कपडे विकते, आणि गेल्या वर्षी एका बाईने आमचा टीशर्ट आपल्या नातवासाठी नेला. तिच्या अंगावर माझ्याचकडून अठ्ठ्याण्णव साली घेतलेला होता, काखेत विरलेला.

विकले गेले, विकले गेले म्हणून बोंब मारणारेही खूप आहेत. बुटांच्या जाहिरातीत गाणं दिलं, विकले गेले. स्टेडियममध्ये वाजवलं, विकले गेले. हो बाबांनो, विकले गेले, मीच विकते. रांगेत या, कुठला साइझ हवा ते सांगा.

तर पस्तिसाव्या वर्षाचा कार्यक्रम ठरला अ‍ॅनाहाइमच्या बेसबॉल मैदानावर. चाळीस हजार तिकिटं एका सकाळीत संपली. एवढा मोठा मामला म्हटल्यावर आयोजक कंपनी आली, आणि कंपनीबरोबर कोल्टन आला. वय तिशीचं, दात सरळ, प्रत्येकाच्या नावाने हाक मारायची सवय. मला पहिल्याच दिवशी "लोर्ना, यू आर अ लेजंड" म्हणाला, तेव्हाच मी ओळखलं की हा काहीतरी काढून घेणार.

त्याने फर्मीनला ऑफिसात बोलावलं. मीही गेले, कारण फर्मीनला कुणी गोड बोलायला लागलं की त्याला नाही म्हणता येत नाही. गळ्यात घालायचे दोन चकचकीत पास कोल्टनने टेबलावर ठेवले.

"सर, बँडकडून भेट. तुम्ही आणि तुमच्या पत्नी. पहिल्या मजल्यावरचा बॉक्स, गादीच्या खुर्च्या, जेवण, सगळं. एकोणतीस वर्षांत तुम्ही बँडला समोरून कधी पाहिलंच नाही, खरं ना?"

"नाही पाहिलं," फर्मीन म्हणाला. "मग बॅरिकेडवर कोण?"

"मैदानाची स्वतःची सुरक्षा कंपनी आहे, तुमच्या सहा जणांनाही सुट्टी. पिवळे शर्ट. आणि यंदा कुणी तरंगणार नाही. विमा कंपनीची अट आहे. मैदानावर खुर्च्या टाकतोय आपण. रांगा एकमेकींना बांधून."

फर्मीनने टोपी काढली आणि परत घातली. "कुठे खुर्च्या?"

"मैदानावर. बॅरिकेडपर्यंत. बसलेले लोक पडत नाहीत, सर."

"बाळा," फर्मीन म्हणाला, "आमचे लोक फक्त अंत्ययात्रेला बसतात. तेसुद्धा मेलेला आपला असला तर. पहिलं गाणं सुरू झालं की ते खुर्चीवर चढतील. खुर्ची घडीची. घडी मिटली की पाय आत. बांधलेली रांग असली की एक पडला तर बारा पडतील."

"आमच्याकडे आराखडा आहे," कोल्टन म्हणाला.

माझ्या अंगाचा तिळपापड झाला. मी तिथून थेट डेलकडे गेले. डेल आता पंचावन्नचा, गुडघ्यांना पट्टे, वाचायला चष्मा. तो गिटारच्या तारा बदलत बसला होता.

"तुझ्या आईने आणलेला माणूस आहे तो," मी म्हटलं. "त्याला पास देऊन बसवतोस? लाज वाटते का काही?"

"ओरडू नकोस लोर्ना. हिवाळ्यात त्याच्या उजव्या खांद्याचं ऑपरेशन झालं. डॉक्टर म्हणाला, उचलू नको. त्याने तुला सांगितलं?"

नव्हतं सांगितलं. मला वाटलं होतं, सुट्टीवर गेला होता.

"मला त्याला एकदा सुखाने बसलेला बघायचंय," डेल म्हणाला. "बस्स. आणि खुर्च्यांचं म्हणशील तर एका दिवसाचा प्रश्न आहे. विमा नाही तर कार्यक्रम नाही."

डेल खोटं बोलत नव्हता. त्याला खरंच वाटत होतं की आपण भलं करतोय. पण मी परत आले तेव्हा फर्मीन पार्किंगमध्ये आपल्या ट्रकच्या पायरीवर बसला होता, पास हातात, आणि त्याच्या चेहऱ्यावर जे होतं ते मी एवढ्या वर्षांत पाहिलं नव्हतं.

"काय म्हणाला?" त्याने विचारलं.

"तुझा खांदा."

"खांदा बरा आहे." मग पास मांडीवर ठेवत, "नसेलही. दोन महिने मी नुसत्या उशा उचलतोय. लोर्ना, खरं सांग, त्यांना मी नकोय, की मी आता उपयोगाचा नाही? दोन्ही वेगळं आहे."

मी आयुष्यभर तोंडाळ म्हणून प्रसिद्ध, आणि नेमका तेव्हाच मी विषय बदलला. याचा मला अजून राग येतो.

"नको जाऊस त्या बॉक्समध्ये," मी म्हटलं. "भांड त्यांच्याशी."

"चायोला सांगून झालंय. ती ब्लाउज आणायला गेलीसुद्धा."

चायो म्हणजे त्याची बायको. एकोणतीस वर्षांत किती कार्यक्रमांना आली असेल ती, आणि एकदाही नवऱ्याशेजारी बसली नाही. कोपऱ्यात उभी राहायची, बुरिटो फॉइलमध्ये गुंडाळून आणायची, आणि मधल्या वेळात त्याच्या हातात देऊन जायची. तिला बँड मनापासून आवडतो, सगळी गाणी तोंडपाठ. आता तिला गादीची खुर्ची मिळत होती आणि शेजारी नवरा. ती मला फोनवर म्हणाली, "या वेळी तो माझ्याबरोबर बघणार गं! जेवणसुद्धा मी न्यायचं नाही!"

मे महिन्यातला शनिवार होता. सहा वाजले तरी ऊन चांगलंच तापलेलं. माझं टेबल मैदानावरच, बॅरिकेडच्या उजव्या टोकाजवळ होतं. समोर घडीच्या पांढऱ्या खुर्च्यांच्या सरळ रांगा, प्लास्टिकच्या पट्ट्यांनी बांधलेल्या. लोक येत होते, खुर्च्यांकडे बघत होते आणि हसत होते. पन्नाशीचे टक्कल पडलेले, हिरव्या केसांच्या पोरी, बापाच्या खांद्यावरची कानगार्ड लावलेली चिमुरडी. बॅरिकेडच्या आत वीसेक पिवळे शर्ट उभे होते, तरणी पोरंपोरी, आणि सगळ्यांची तोंडं स्टेजकडे.

बॉक्समध्ये काय झालं ते चायोने मला नंतर सांगितलं. फर्मीन इस्त्रीचा निळा शर्ट घालून खुर्चीच्या टोकावर बसला होता. जेवणाला हात लावला नाही. बँड आला, मैदान गरजलं, पहिलं गाणं सुरू झालं आणि त्याने पहिल्यांदा ते समोरून पाहिलं. चायो त्याच्याकडे बघत होती, तो काय म्हणतो म्हणून.

"ड्रमवाला असलं तोंड करतो?" तो म्हणाला. "दाढ दुखत असल्यासारखं?"

"पहिल्यापासून," चायो म्हणाली. ती हसली, आणि तोही हसला. तेवढ्या एका गाण्यापुरते ते दोघं शेजारी शेजारी बसून हसले. त्याने तिचा हात हातात घेतला होता असंही ती म्हणाली. मग दुसरं गाणं सुरू झालं आणि हात सुटला, कारण त्याची नजर बँडवरून खाली गर्दीत गेली.

खाली त्याने सांगितलं होतं तसंच्या तसं घडत होतं. लोक खुर्च्यांवर चढले होते. डावीकडे तिसऱ्या रांगेतली एक खुर्ची मिटली, तिच्यावरचा माणूस शेजारच्यावर पडला, आणि बांधलेली रांगच्या रांग आडवी झाली. लोक उचलायला धावले तर त्यांचेच पाय खुर्च्यांत. एका बाईचा घोटा दोन खुर्च्यांमध्ये चेपला होता, ती ओरडत होती, पण गाण्यापुढे कुणाला ऐकू येणार! मागून लोक पुढे लोटत होते, कारण मागच्यांना काही दिसत नव्हतं. आणि वीस पिवळे शर्ट डेलकडे बघत मान डोलवत होते. मी टेबलावरून ओरडले, त्यातल्या एकाने मला हात हलवून दाखवला.

"चायो, मी जातो," फर्मीन म्हणाला.

"डॉक्टर काय म्हणाला विसरलास?"

"नाही विसरलो."

तिने थांबवलं नाही. नुसतं एवढंच म्हणाली, "शर्ट नवीन आहे."

जिने उतरून तो बॅरिकेडच्या बाजूच्या फाटकाशी आला. मी तिथून तीस पावलांवर होते. फाटकावरच्या माणसाने पास बघितला आणि मान हलवली. या पासाला प्रेक्षकांत कुठेही मोकळीक, फक्त बॅरिकेडच्या आत नाही. फर्मीन काहीतरी बोलला, तो माणूस पुन्हा मान हलवत राहिला. एकोणतीस वर्षं ज्या जागेवर तो उभा होता, तिथे त्याला शिरू देईनात! मी गल्ल्याला कुलूप न लावता, चालू गाण्यात, टेबल सोडून पळत गेले. आयुष्यात पहिल्यांदा. पण मी पोचेपर्यंत फर्मीन वळला होता आणि मैदानाच्या कडेने थोडा मागे जाऊन गर्दीत शिरला होता. मीही त्याच्या मागे.

पंचवीस-तीस पावलं जेमतेम गेलो. पुढे वाट नाही. खुर्च्या, पाय, माणसं, सगळं एकमेकांत अडकलेलं. तिथे एक टकला, जाडजूड, माझ्याच टीशर्टातला माणूस वळला आणि थबकला.

"तीओ? तुम्ही इकडे काय करताय? पुढे का नाही?"

"जाऊ देत नाहीत. आणि या खुर्च्यांतून जायला वाट नाही."

"वाट वरून आहे की."

"वेडा झालास का? माझं वजन माहीत आहे?"

"तुम्ही माझं विचारलं होतं का?" तो म्हणाला. आणि त्याने मागे वळून हाक दिली, "अरे ए! तीओंना पुढे जायचंय!"

पुढचं मी जन्मात विसरणार नाही. आठ-दहा जण वाकले. फर्मीन नको नको म्हणत होता, तेवढ्यात त्याचे पाय सुटले. कण्हत, शिव्या देत, हसत त्यांनी ते धूड डोक्यांवर घेतलं. सत्तावन्न वर्षांचा, एकशे अठरा किलोचा माणूस, इस्त्रीचा निळा शर्ट, खिशातला चष्मा एका हाताने घट्ट धरलेला आणि डोळे गच्च मिटलेले. आधी जवळचे ओरडले, मग ते नाव त्याच्याही पुढे धावत गेलं. तीओ! तीओ! पुढच्यांना कोण येतंय ते दिसायच्या आधीच हात वर झाले होते. त्या हातांत किती जणांना त्याने उतरवलं असेल! चाळिशीचे, पन्नाशीचे हात, लग्नाच्या अंगठ्या घातलेले. मी त्याच्या सावलीत चालत राहिले आणि लोक मला वाट देत राहिले, आणि मी रडत होते हे कबूल करायला मला काही वाटत नाही.

बॅरिकेडपाशी एक पिवळा शर्ट दोन्ही हात पुढे करून ओरडला, "सर! खाली उतरा! लगेच खाली उतरा!" जसं काही ते फर्मीनच्या हातात होतं.

तेव्हा डेलने पाहिलं. त्याच्या तोंडातला शब्द अर्धवट राहिला. गिटार थांबली, मग बास, मग ड्रमवाल्याला कळलं. डेलने माइक टाकला आणि पट्टे बांधलेल्या त्या गुडघ्यांनिशी स्टेजवरून खाली उडी मारली.

फर्मीनने डोळे उघडले आणि त्याला दिसलं की आपल्याला कोण झेलणार आहे. तो वरूनच ओरडला, "पाठ नको वाकवू! गुडघे! डेल, गुडघे वाकव! मनगट सोड, काखेत धर, काखेत!"

डेलने काखेत धरलं. शेजारच्या पिवळ्या शर्टातल्या एका पोरीने ऐकून ऐकून गुडघ्यांखाली हात घातला. तिघंही एकदम खाली बसले, पण पडलं कुणी नाही.

डेल फर्मीनच्या कानाशी लागला. मी बॅरिकेडला टेकून उभी होते, मला स्पष्ट ऐकू आलं.

"चुकलो, तीओ."

"नंतर," फर्मीन उठत म्हणाला. "आधी खुर्च्या."

डेल वर चढला आणि माइक उचलला. "जो आडवा झालाय त्याला आधी उचला," तो म्हणाला. "आणि तीओ म्हणतात, खुर्च्या इकडे द्या."

लोकांनी पट्ट्या दातांनी तोडल्या, किल्ल्यांनी कापल्या. खुर्च्या मिटल्या आणि वर चढल्या. एक, दहा, मग दोनशे, डोक्यांवरून पांढऱ्या खुर्च्या पुढे सरकत यायला लागल्या. ज्या बाईचा घोटा चेपला होता, तीही तशीच वरून आली, हसत आणि रडत. मुरगळण्यापलीकडे काही नव्हतं. सगळ्या मैदानात एकच खुर्ची ठेवली, तिला बसायला. फर्मीनने पिवळ्या शर्टांना दोन ओळींत उभं केलं, तोंडं गर्दीकडे फिरवली, आणि ती पोरं बघता बघता हातातून हातात खुर्च्या मागे देऊ लागली. कोल्टन कुठूनसा आला. रंग पांढराफटक. मी म्हटलं आता विम्याचं काही बोलला तर याच खुर्चीने हाणते. पण त्याने कोट काढला आणि ओळीत उभा राहिला. त्याच्या नावावर तेवढं मी जमा करते.

उजव्या हाताने फर्मीन एकही उचलत नव्हता. सगळं डाव्याने, आणि तोंडाने. त्या दिवशी त्याने बोलून जेवढं काम करून घेतलं तेवढं तो आधी अंगाने करत होता.

मैदान मोकळं झालं. डेल म्हणाला, "पहिल्यापासून वाजवतो," आणि मैदान पुन्हा उसळलं. तेवढ्यात बाजूच्या फाटकाशी आवाज चढला. चायो होती, नवा ब्लाउज, हातात चपला. फाटकावरचा माणूस आता कुणालाच अडवायच्या मनःस्थितीत नव्हता. ती तरातरा फर्मीनपाशी आली.

"एक गाणं!" ती म्हणाली. "एकोणतीस वर्षांत अख्खं एक गाणं बसलास माझ्याशेजारी!"

त्याचा निळा शर्ट काखेत उसवला होता. बॅरिकेडवरून पहिली मुलगी येत होती, त्याने पिवळ्या शर्टातल्या त्याच पोरीला खूण केली, दोघांनी तिला उतरवलं.

चायोने चपला माझ्याकडे दिल्या. मग ती त्याच्या डाव्या बाजूला जाऊन उभी राहिली, खांद्याला खांदा लावून, फक्त तोंड उलटीकडे. तो गर्दीकडे बघत होता, ती बँडकडे.

"डेल आता पुढे आलाय," ती त्याच्या कानात ओरडून सांगू लागली. "शर्ट काढला. नको होता काढायला, पोट सुटलंय. गिटारवाला उड्या मारतोय, पण पूर्वीइतक्या नाहीत. आता सगळे हात वर करताहेत."

"ते मला दिसतंय," फर्मीन म्हणाला. "ड्रमवाला?"

"दाढ दुखतेय अजून."

तो एवढ्या मोठ्याने हसला की बॅरिकेडपलीकडची दोन पोरं दचकली. कार्यक्रम संपेपर्यंत ती सांगत राहिली, तो माणसं उतरवत राहिला, आणि दोघांपैकी कुणीही वळून बघितलं नाही.